बसस्टँडमागचं फ्रेमिंगचं दुकान: जुन्या तसबिरी तिथे द्याव्यात का?

वर्धा जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी बसस्टँडमागे फ्रेमिंगचं जुनं दुकान आहे. गजानन महाराज, तुकडोजी महाराज, बाबासाहेब, लग्नाचे आणि हार घालायचे फोटो हा त्यांचा रोजचा धंदा. शिवाय ते जुन्या वाड्यांतल्या तसबिरी विकत घेऊन नागपूरच्या गिऱ्हाइकांना देतात. गंमत म्हणजे या जोडधंद्यात दुकान चोख आहे आणि रोजच्या कामात ढिलं.

जुनी तसबीर आली की आधी काच उतरवून भिंगातून बघतात. ठिपके सारख्या अंतरावर, ओळीत बसलेले दिसले तर ती अलीकडची ऑफसेट छपाई. मग चौकटीचेच काय ते पैसे. ठिपके लहानमोठे, हाताने टिपल्यासारखे असले तर दगडावरची छपाई. नंतर खालची किनार. रवि वर्मांचा छापखाना 1894 मध्ये मुंबईत निघाला, पुढे लोणावळ्याजवळ मळवलीला गेला. त्याचं नाव पुष्कळदा या किनारीवरच छापलेलं असतं. बरेच फ्रेमवाले चित्र चौकटीत बसावं म्हणून नेमकी तीच पट्टी उडवतात आणि भाव तिथेच पडतो. इथे कारागिराच्या चिठ्ठीवर ‘किनार कापाची नाही’ असं लिहून जातं. लक्ष्मीच्या पदरावर जरी-टिकल्या चिकटवलेल्या असतील तर ओल्या फडक्याने पुसत नाहीत, मऊ ब्रशने धूळ झाडतात. भाव मात्र पाडून मागतात. नागपुरात एकदा दाखवून मगच द्या.

फ्रेमवाल्याने चित्रांच्या व्यापारात शिरणं तसं नवं नाही. मुंबईचे केकू गांधी (1920-2012) याच वाटेने गेले. 1941 मध्ये रॉजर व्हॅन डॅम या बेल्जियन भागीदारासोबत त्यांनी केमोल्ड हा फ्रेमचा धंदा सुरू केला. प्रिन्सेस स्ट्रीटच्या दुकानात फ्रेमसोबत हुसेन, आरा, हेब्बर आणि आपल्या नागपूरच्या कलाशाळेत शिकलेले रझा यांची चित्रं लागू लागली. नव्या चित्रकलेला तेव्हा गिऱ्हाईक कुठलं! 1963 मध्ये जहांगीर आर्ट गॅलरीच्या पहिल्या मजल्यावर गॅलरी केमोल्ड उघडली, 2009 मध्ये पद्मश्री मिळाली.

आता रोजचं काम. 12 बाय 18 इंचाच्या चित्राला चारी बाजूंनी 2 इंच माउंट, म्हणजे चित्राभोवतीची पुठ्ठ्याची किनार, धरला की बाहेरचं माप 16 बाय 22, घेर 76 इंच. चौकटीची पट्टी 1 इंच रुंद असेल तर कोपऱ्यांच्या तिरप्या कापांत आणखी 8 इंच जातात. एकूण 84 इंच, म्हणजे 7 फूट. हे दुकान 7 फुटांचंच बिल लावतं, उगाच 8 करत नाही. कोपरेही घट्ट असतात, कारण पिना मारण्याआधी गोंद लावतात.

घोळ आत आहे. तुम्ही माउंट मागितला नाही तर काच थेट फोटोवर टेकवतात. उन्हाळाभर कूलरची ओल, मग पावसाळा. फोटोचा वरचा थर काचेला चिकटतो आणि काच काढताना चेहराच निघून येतो. चित्र डबलटेपने चिकटवतात, त्याचे काही वर्षांत पिवळे डाग पुढून दिसतात. मागच्या हार्डबोर्डची फट उघडी राहते, तिथून कसर शिरते.

म्हणून ऑर्डर देतानाच लिहून घ्या: माउंट, नाहीतर काचेखाली कडेने बारीक पट्टी, चित्र फक्त वरच्या कडेला दोन जागी, पातळ कागद आणि गव्हाच्या खळीने टांगलेलं, मागची फट कागदी टेपने बंद, खालच्या दोन कोपऱ्यांना रबरी गुंड्या, म्हणजे ओल्या भिंतीपासून फ्रेम सुटी राहील आणि मागे हवा खेळेल. सांगितलं तर सगळं नीट करतात, थोडे जास्त पैसे घेतात. लग्नसराईत मात्र काम टाकू नका, तेव्हा चिठ्ठी कोण वाचतो!

घरात काचेला आधीच चिकटलेला फोटो असेल तर ओढू नका, पाणीही लावू नका. काचेसकट स्कॅन करून नवी प्रिंट काढा. ती सोय या दुकानात नाही, शेजारच्या झेरॉक्सवाल्याकडे आहे.