आई-बाबांना मॅचला न्यायचंय: यांकी स्टेडियम, ब्रिजवॉटर की टी-ट्वेंटी?

मे उजाडला की न्यू जर्सीत एडिसनपासून ब्रिजवॉटरपर्यंतच्या मराठी घरांत हे ठरलेलं. भारतातून आई-बाबा नाहीतर सासू-सासरे आलेले असतात, नायगारा झालेला असतो, लिबर्टीचा पुतळा झालेला असतो, आणि नातवंडं टुमणं लावतात की आजोबांना बॉलगेमला, म्हणजे बेसबॉलच्या सामन्याला न्यायचं. आजोबा तयार असतात. त्यांची एकच शंका असते: "संपतं किती वाजता?"

आमच्या अण्णांनी, म्हणजे माझ्या सासऱ्यांनी, हेच विचारलं. अण्णा पुण्याचे. १९९६च्या विश्वचषकात नेहरू स्टेडियमवर केनियानं वेस्ट इंडिजला ९३ धावांत गुंडाळलं तेव्हा ते तिथे होते, त्यामुळे सामना कधीही कसाही आटोपू शकतो हे त्यांना मी शिकवायची गरज नव्हती. पण वनडेला निदान पन्नास षटकांची वेस असते. बेसबॉलला ती कुठे असते हे सांगताना माझी दमछाक झाली. त्यांच्या दोन मुक्कामांत आम्ही तिन्ही प्रकार करून बघितले: बेसबॉलची सगळ्यात वरची मेजर लीग, तिच्याखालची मायनर लीग आणि टी-ट्वेंटी क्रिकेट. तुमच्या घरी हाच घोळ चालू असेल तर हे वाचा.

आधी डावाचं गणित. क्रिकेटचा डाव विसरा, खो-खो डोळ्यांसमोर आणा. एकदा तुम्ही पाठलाग करायचा, एकदा आम्ही. बेसबॉलमध्येही बाजू अशाच सारख्या बदलतात. एका इनिंगचे दोन भाग असतात. वरच्या भागात पाहुणा संघ बॅटिंग करतो, खालच्या भागात यजमान. फलकावर इनिंगच्या आकड्याशेजारी वर किंवा खाली टोक केलेला छोटा त्रिकोण दिसतो, तो हेच सांगत असतो. तीन गडी बाद झाले की बाजू बदलते. अशा नऊ इनिंग, म्हणजे प्रत्येक संघाचे २७ बाद. नवव्या इनिंगचा वरचा भाग संपल्यावर यजमान पुढे असतील तर ते बॅटिंगला येतच नाहीत, लोक उठून चालू लागतात. आणि यजमानांनी शेवटच्या भागात आघाडी घेतली तर त्याच क्षणी खेळ खलास.

"म्हणजे षटकं नाहीतच?" अण्णा म्हणाले.

"नाहीत."

"आणि बादच नाही झाले तर?"

"तर चालू राहतं, अण्णा."

त्यांनी सासूबाईंकडे असं पाहिलं, की शाल घेतली आहेस ना?

खो-खोत पाळी घड्याळावर संपते, टी-ट्वेंटीत चेंडूंवर. इथे ती फक्त बाद होण्यावर संपते, आणि माणूस किती फेक्यांत बाद व्हावा याला मर्यादा नाही. तीन स्ट्राइक, म्हणजे हुकलेल्या किंवा सोडून दिलेल्या योग्य फेक्या, झाल्या की बॅटर बाद. पण दोन स्ट्राइक झाल्यावर बॅटरनं चेंडू नुसता रेषेबाहेर उडवला, म्हणजे फाउल मारला, तर तिसरा स्ट्राइक धरत नाहीत. तो तसाच उभा राहतो आणि पिचर, म्हणजे इथला गोलंदाज, पुन्हा फेकतो. २०१८च्या एप्रिलमध्ये सॅन फ्रान्सिस्को जायंट्सच्या ब्रँडन बेल्टनं असं एकाच खेपेला २१ फेक्यांपर्यंत ताणलं. जवळपास १३ मिनिटं एकच माणूस बॅट घेऊन उभा, आणि शेवटी झेल देऊन परत. उलट पहिल्याच फेकीला तिघांनी बॅट घातली आणि तिघंही झेलबाद झाले, तर पाळी तीन फेक्यांत आटोपते. तुम्ही नॅपकिन आणायला गेलेले असता, परत येता तो पोरं जागा बदलतायत.

म्हणून 'नऊ इनिंग' या शब्दांवरून वेळेचा काहीच अंदाज येत नाही. २८ सप्टेंबर १९१९ला न्यूयॉर्क जायंट्स आणि फिलाडेल्फिया फिलीज यांच्यात नऊ इनिंगचा अख्खा सामना ५१ मिनिटांत झाला. १८ ऑगस्ट २००६ला बॉस्टनमध्ये न्यूयॉर्कच्या यांकीज आणि तिथल्या रेड सॉक्स यांनी त्याच नऊ इनिंगना ४ तास ४५ मिनिटं घेतली. स्कोअर होता १४-११. आणि माझा सगळ्यात आवडता दाखला १ मे १९२०चा. ब्रुकलिन आणि बॉस्टन २६ इनिंग खेळले, दोन्हीकडचा एकेक पिचर सुरुवातीपासून शेवटपर्यंत टाकत राहिला, अंधार पडला म्हणून १-१ अशी बरोबरी झाली, आणि एवढ्या सगळ्याला लागले ३ तास ५० मिनिटं. आताच्या हिशेबानं जवळपास तीन सामने एका दुपारीत.

मग शंभर वर्षांत खेळ एवढा पसरला कशानं? थोडा जाहिरातींनी. प्रत्येक अर्ध्या इनिंगनंतर दोनेक मिनिटांची विश्रांती असते आणि अशा सोळा-सतरा विश्रांत्या होतात. थोडा पिचर बदलण्यानं. पण मुख्य म्हणजे दोन फेक्यांच्या मधल्या वेळानं. पिचर चेंडू चोळतोय, टोपी सारखी करतोय, बॅटर उभं राहायच्या चौकटीबाहेर येऊन हातमोज्याचा पट्टा सोडून पुन्हा बसवतोय. २०२१मध्ये नऊ इनिंगच्या सामन्याची सरासरी ३ तास १० मिनिटांवर गेली होती.

२०२३मध्ये मेजर लीगनं घड्याळ आणलं. बेस, म्हणजे धाव पुरी करताना लागणारे थांबे, रिकामे असतील तर १५ सेकंदांत फेकायचं, कोणी बेसवर असेल तर २० सेकंदांत. पुढच्या वर्षी ते १८ केले. घड्याळात ८ सेकंद उरलेले असताना बॅटर तयार हवा. पिचर चुकला तर बॉल (क्रिकेटच्या वाइडसारखा दंड), बॅटर चुकला तर स्ट्राइक. पहिल्याच हंगामात सरासरी २ तास ४० मिनिटांवर आली आणि तेव्हापासून तिथेच, किंबहुना किंचित खाली आहे. जुने शौकीन कुरकुरले. मला विचाराल तर यापेक्षा शहाणा नियम या खेळात माझ्या डोळ्यांदेखत झालेला नाही.

आता टी-ट्वेंटी शेजारी ठेवा. आंतरराष्ट्रीय सामन्यात एका डावाला ८५ मिनिटं आणि मध्ये २० मिनिटांची सुट्टी, म्हणजे कागदावरच ३ तास १० मिनिटं. आयपीएलमध्ये टाइमआउट धरून डावाला ९० मिनिटं, आणि साडेसातला सुरू झालेला सामना साडेअकराला संपताना आपण सगळ्यांनी पाहिलाय. दोन्ही डाव पुरे झाले तर कायदेशीर चेंडू २४०. बेसबॉलच्या एका सामन्यात दोन्हीकडच्या मिळून साधारण तीनशेच्या आसपास फेक्या पडतात. चेंडू जास्त, वेळ कमी! दर सहा चेंडूंनी टोक बदलायचं नाही, क्षेत्ररक्षक हलवत बसायचं नाही, आणि प्रेक्षकांत गेलेला चेंडू परत मागायचा नाही. अण्णांना हे शेवटचं फारच लागलं. पुढच्या रांगेतल्या एका माणसानं फाउल चेंडू झेलला आणि सरळ खिशात घातला. पंचानं कमरेच्या पिशवीतून नवा काढून दिला. "अगं, देत नाही तो!" अण्णा मला म्हणाले. पुढच्या दोन इनिंग त्यांचं लक्ष त्या खिशाकडेच.

तर सरासरीत बेसबॉल जिंकतं. पण आजोबांना घेऊन जायचं तर सरासरीपेक्षा वाईटात वाईट काय होईल ते बघावं लागतं, आणि तिथे टी-ट्वेंटी भरवशाची. बरोबरी झाली तर एखाद-दुसरी सुपर ओव्हर, संपलं. बेसबॉलमध्ये बरोबरी झाली की दहावी इनिंग, मग अकरावी, निकाल लागेपर्यंत. १९८१मध्ये पॉटकेट आणि रॉचेस्टर या मायनर लीगच्या संघांनी ३३ इनिंग खेळून ठेवल्या आहेत. पहाटे चारनंतर खेळ थांबवला तेव्हा स्टेडियममध्ये १९ प्रेक्षक उरले होते. उरलेली एक इनिंग जूनमध्ये खेळले.

असं आता होऊ नये म्हणून नियमित हंगामात दहाव्या इनिंगपासून प्रत्येक पाळी दुसऱ्या बेसवर आयता धावक उभा करून सुरू करतात. निकाल बहुतेक वेळा एक-दोन इनिंगमध्ये लागतो. ऑक्टोबरच्या बाद फेरीत मात्र ही सवलत नाही. २०२५च्या वर्ल्ड सिरीजमधला, म्हणजे मेजर लीगच्या अंतिम मालिकेतला, लॉस एंजेलिस डॉजर्स आणि टोरोंटो ब्लू जेज यांचा तिसरा सामना १८ इनिंग, ६ तास ३९ मिनिटं चालला. फ्रेडी फ्रीमननं होमरन मारून तो संपवला तेव्हा आमच्याकडे रात्रीचे पावणेतीन वाजून गेले होते. पुण्याला परतलेल्या अण्णांचा तेवढ्यात मेसेज: "अजून दिवा दिसतोय तुझा. संपलं नाही का?" त्यांच्याकडे दुपारचं ताट वाढायची वेळ झाली होती.

आता कुठे जायचं ते. यांकी स्टेडियमचा थाट वेगळाच, त्याबद्दल वाद नाही. पण एडिसनहून ट्रेननं न्यूयॉर्कचं पेन स्टेशन, तिथून हेराल्ड स्क्वेअरपर्यंत चालत, मग डी ट्रेननं १६१वा रस्ता, आणि रात्री हे सगळं उलट. सात वाजता सुरू झालेला सामना पावणेदहाला संपला तरी घरी पोचायला बारा. आम्ही पहिल्या वेळी एका मोठ्या स्टेडियममध्ये मधल्या वारी रात्रीच गेलो, सामना अकरा इनिंग चालला, परतीची गाडी हुकली, आणि सासूबाई पेन स्टेशनच्या पायरीवर पर्स मांडीवर घेऊन बसून राहिल्या. त्या काही बोलल्या नाहीत. त्याचाच त्रास जास्त झाला. मोठंच स्टेडियम बघायचं असेल तर बुधवार-गुरुवारचे दुपारचे सामने शोधा. संघाला त्याच दिवशी दुसऱ्या गावी जायचं असलं की सामना दुपारी ठेवतात. उजेडी घरी याल. एप्रिल टाळा, संध्याकाळी वारा असा लागतो की स्वेटरवर स्वेटर घालूनही आई-बाबा कुडकुडतात. यांकीज आणि रेड सॉक्सचा सामनाही टाळा. तिकीट महाग, गर्दी अफाट.

ब्रिजवॉटरला सॉमरसेट पेट्रियट्स खेळतात. यांकीजचाच डबल-ए संघ, म्हणजे मोठ्या लीगच्या दोन पायऱ्या खाली. स्टेडियम सहाएक हजारांचं, रॅरिटन व्हॅली मार्गावरचं स्टेशन अगदी शेजारी, आणि गाडी घेऊन गेलात तर पार्किंगपासून खुर्चीपर्यंत म्हाताऱ्या माणसाला झेपेल एवढंच चालणं. घड्याळाचा प्रयोग मायनर लीगमध्ये मोठ्या लीगच्या आधीपासून होता, त्यामुळे तिथले खेळाडू त्यातच वाढलेत. दर पाळीनंतर पोरांच्या शर्यती, टी-शर्ट फेकणं असलं काहीतरी चालू असतं. शौकिनांना तो पोरखेळ वाटतो. नातवंडांसाठी चाललो असू तर मला तोच खरा सामना वाटतो. सोमवारी शक्यतो सामने नसतात, मंगळवार ते रविवार एकाच पाहुण्या संघाशी सहा सामने असतात. आणि पाऊस पडून गेला असेल तर दुसऱ्या दिवशीचं वेळापत्रक बघा: मायनर लीगमध्ये एकाच दिवशी दोन सामने असले की ते सात-सात इनिंगचे होतात. एक बघून निघालात तरी पोटभर होतं, आणि तो दोन तासांच्या आसपास आटोपतो.

तिथेच अण्णांना बेसबॉल आवडलं, आणि खरं सांगायचं तर त्याचं श्रेय पिचरला नाही. सालासकट भाजलेल्या भुईमुगाच्या शेंगांच्या पिशव्या विकायला आल्या. अण्णांनी एक घेतली, टरफलं कुठे टाकायची म्हणून कागद शोधू लागले. शेजारच्या म्हाताऱ्या गोऱ्या बाईंनी त्यांना पायाखाली बोट दाखवलं. फरशीभर टरफलं. अण्णांनी एक शेंग फोडली, टरफल हळूच खाली सोडलं, माझ्याकडे बघितलं, आणि मग दोन तास फक्त कटकट, कटकट. किती इनिंग झाल्या हे त्यांनी त्या दिवशी एकदाही विचारलं नाही.

टी-ट्वेंटीचं न्यू जर्सीकरांसाठी त्रांगडं असं, की २०२४च्या विश्वचषकासाठी लाँग आयलंडवर उभारलेलं तात्पुरतं स्टेडियम नंतर मोडून टाकलं. मेजर लीग क्रिकेट २०२३मध्ये सुरू झालं, पण त्याचं मुख्य घर डॅलसजवळचं ग्रँड प्रेरी. आम्ही गेलो ते नणंद तिथे राहते म्हणून. गंमत अशी की ते स्टेडियमही आधी बेसबॉलचंच होतं. आणि तिथेच जून २०२४मध्ये अमेरिकेकडून खेळणाऱ्या मुंबईच्या सौरभ नेत्रवळकरनं सुपर ओव्हर टाकून पाकिस्तानला हरवलं होतं. अण्णांनी कोणत्या टोकाकडून टाकली ते दोन जणांना विचारून खात्री करून घेतली. खेळ समजावून सांगावा लागत नाही, आजूबाजूला अर्धे लोक आपलेच, आजोबाच नातवाला शिकवतात. पण साडेतीन तास बसावं लागतं, टेक्सासची जुलैतली संध्याकाळ म्हणजे भट्टी, आणि विमानाची तिकिटं वेगळी. डॅलसला कोणी घरचं असेल तर जरूर. नुसत्या मॅचसाठी मी जाणार नाही.

आई-बाबांचे गुडघे दुखत असतील किंवा सोबत दहाच्या आतली पोरं असतील, तर ब्रिजवॉटर, दुपारचा सामना, तिसऱ्या बेसच्या बाजूला सावलीची जागा मिळते का ते तिकीट काढतानाच बघून. बाबा हट्टाचे क्रिकेटवाले आणि धडधाकट असतील तर यांकी स्टेडियमची दुपार त्यांना मानवेल. पेन स्टेशनवरून परतीच्या दोन गाड्यांच्या वेळा आधीच लिहून ठेवा. सातव्या इनिंगच्या मध्यावर सगळं स्टेडियम उभं राहून गाणं म्हणतं, तेवढं ऐका. त्यानंतर स्कोअर अगदी बरोबरीत असेल आणि आई घड्याळ बघू लागल्या असतील, तर उठा.