तरंगत्या फरशीवर कमोड : जवळपास वर्षभरानंतरचा अनुभव

दिवाळीआधी सांगलीच्या घरात हॉलला एसपीसीच्या (दगडाची भुकटी आणि प्लास्टिक मिळून केलेल्या) पट्ट्या टाकत होतो. खाली जुनी मोझेक. फोडाफोड नको म्हणून त्याच पट्ट्या तशाच पुढं आईच्या संडासातही नेल्या. जुना कमोड काढला, पट्ट्या टाकल्या, वर नवा कमोड. दोन दिवसांत काम फत्ते.

या पट्ट्या खाली चिकटवत नाहीत. एकमेकींत अडकून फोमच्या अस्तरावर नुसत्या पडून असतात, म्हणून ही तरंगती फरशी. उन्हानं फुगायला जागा हवी, म्हणून भिंतीकडेनं 8-10 मिमी फट ठेवायची. आमच्या मिस्त्रीनं ती ठेवली हो, पण कमोडचे स्क्रू पट्ट्यांतून आरपार काँक्रीटमध्ये आवळले. कडेनं मोकळीक आणि मधोमध खुंटा!

थंडीत काही कळलं नाही. एप्रिलमध्ये पश्चिमेचं ऊन खिडकीतून आत यायला लागलं आणि दाराजवळचा सांधा उचलला. त्याहून वाईट म्हणजे कमोड डुलायला लागला, कारण वजनानं खालचा फोम दबतो. आई म्हणाली, "हलतंय रे हे, मी न्हाई बसायची." डुलून डुलून एस-ट्रॅपचा, म्हणजे कमोडखालून जमिनीत जाणाऱ्या वाकड्या नळीचा, सांधा सुटला आणि वास यायला लागला. दोन आठवडे आम्ही आपले फिनेल ओततोय.

मग मिरजेहून दुसरा प्लंबर आणला. कमोड उचलला तर खाली फोम काळा, ओला. तो म्हणाला, "पट्टी वॉटरप्रूफच आहे ओ, पण खाली गेलेलं पाणी वर कसं येणार?"

त्यानं कमोडच्या बुडाचा आकार पुठ्ठ्यावर काढला, चहूबाजूंनी 10 मिमी जास्त धरून पट्ट्या कापल्या आणि कमोड थेट मोझेकवर बसवला. फटीत सिलिकॉन. पांढरं सिमेंट नाही, ते घट्ट झालं की परत खुंटाच. मागं तीन बोटं जागा सिलिकॉनविना सोडली, गळालं तर दिसावं म्हणून. दारात टी-पट्टी टाकून हॉलची फरशी वेगळी केली. ओला फोम अर्थातच बदलला.

पावसाळा जवळपास सरला, कमोड ढिम्म हलत नाही, वासही नाही. पण आई अजून बादलीनं संडास धुते आणि जेटचं पाणी वेगळंच, त्यामुळं मागोमाग वायपर मारायचं काम माझ्याकडं आलंय. संडासात परत या पट्ट्या टाकणार नाही, साधी खरबरीत टाइल बरी. हॉलमधल्या पट्ट्यांना मात्र नाव ठेवायला जागा नाही.