पेटी निवडायची की शिक्का मारायचा?

१९५१-५२ आणि १९५७ च्या लोकसभा निवडणुकांत प्रत्येक उमेदवाराची वेगळी पेटी असे. आडोशाला जायचं, पेटीवरचं बैलजोडी किंवा झोपडीसारखं निवडणूक चिन्ह पाहायचं आणि कोरी मतपत्रिका त्या पेटीत टाकायची. निरक्षरांना सोपं, पण पत्रिकेवर खूणच नसल्याने ती खिशात लपवून बाहेर नेता येई. दलाल अशा पत्रिका गोळा करून एकाच पेटीत टाकवून घेत. पेटीवर नुसती ठेवलेली पत्रिका वायाच. शिवाय उमेदवार वाढले की पोलादी पेट्याही वाढणार.

१९६२ पासून, मतदान यंत्रं येईपर्यंत (लोकसभेसाठी सर्वत्र २००४ मध्ये), बहुतेक ठिकाणी एकच पेटी, एकच छापील यादी, चिन्हासमोर शिक्का अशी पद्धत होती. इथे चूक मतदाराच्या हातून होई: दोन चिन्हांवर ठसा, किंवा दोघांमधल्या रेघेवर. तरी दोन्हींत हीच पद्धत बरी होती.