बर्डन बोर्ड म्हणजे काय ते आप्पांच्या दुकानात कळलं

भुसावळहून यावलकडे जाताना आप्पांचं सुतारकामाचं दुकान लागतं, पाटी नाही, बाहेर बैलगाडीची जुनी चाकं टेकवलेली असतात तेच. आमची 12 फुटी लाकडी बोट आहे, चांगदेवला तापी-पूर्णेच्या संगमाजवळ असते, थंडीत हतनूरच्या बॅकवॉटरला पक्षी बघायला काढतो. तिच्यातल्या पाय ठेवायच्या फळ्या कुजल्या म्हणून नवीन करायच्या होत्या.

बोटीच्या इंग्रजी ड्रॉइंगमध्ये फ्लोअर 6 नग आणि बर्डन बोर्ड 5 नग असं होतं. मी फ्लोअर म्हणजे पाय ठेवायची फळीच धरली आणि आधी दुसऱ्या एका वर्कशॉपला तेच कापायला दिलं, तर आले जाडजूड आखूड तुकडे, खालून गोलाई दिलेले! चूक त्यांची नव्हती. बोटीच्या भाषेत फ्लोअर म्हणजे तळाला आडवं बसवलेलं, दोन्ही बाजूच्या फासळ्या धरून ठेवणारं लाकूड, त्यावर कोणी चालत नाही. आपण ज्यावर उभे राहतो त्या सुट्ट्या फळ्या म्हणजे बर्डन बोर्ड. बर्डन म्हणजे इथं बोटीत भरलेला भार, जहाज किती टन बर्डनचं असं पूर्वी म्हणायचे तोच शब्द.

आप्पांना इंग्रजी नाव सांगून काही उपयोग नव्हता, काम काय ते सांगितलं आणि ते लगेच म्हणाले, "अहो मग बैलगाडीच्या साट्यात टाकतो तशा फळ्या ना, ठोकू नका भाऊ, मोकळ्याच राहू द्या." अगदी बरोबर! माणसाचं वजन बोटीच्या पातळ तळावर एका जागी न येता फासळ्यांवर वाटलं जातं, झिरपलेलं पाणी पायाखाली राहतं, आणि फळी उचलली की पाणी उपसता येतं, तळ वाळवता येतो. खिळे मारले की हे सगळं बंद आणि खाली लाकूड कुजणार, आमची तशीच कुजली होती.

आप्पा स्वतः चांगदेवला आले, पुठ्ठ्यावर आकार कापून घेतला, कारण बोटीत दोन फळ्या सारख्या नसतात. सागाच्या 5 फळ्या, मधे बोटभर फट, उचलायला प्रत्येकीला भोक, खालच्या पट्ट्यांना पितळी स्क्रू. चकचकीत पॉलिश मी मागितलं तर नाही म्हणाले, ओल्यात पाय घसरतो, जवसाचं तेल चोळून दिलं. 4200 रुपये झाले, मला रास्त वाटले.

तक्रार एकच, 8 दिवस सांगून 3 आठवडे लावले आणि एक फळी ओल्या लाकडाची निघाली ती वाकली, पण फोन केला तर बदलून दिली, पैसे नाही घेतले. फोन मात्र संध्याकाळी 6 नंतरच उचलतात, दिवसा रंधा चालू असला की ऐकू येत नाही.