नागपूरच्या बर्डीत जुनी रिळं डिजिटल करायला दिली, स्कॅनपेक्षा यादी भारी

बर्डीत पहिल्या माळ्यावर एक दुकान आहे, जुनी फिल्मची रिळं अन् व्हीएचएस कॅसेटी डिजिटल करून देतात. नाव लिहीत नाही कारण पुढे तक्रारपण आहे.

स्कॅनिंग चांगलंय, एकेक फ्रेम वेगळी घेतात. भिंतीवर प्रोजेक्टर लावून मोबाईलनं शूट करून देणारे पण भेटतात, तिकडे जाऊ नका भाऊ, चित्र नुसतं लुकलुकतं.

पण पैसे वसूल झाले ते यादीत! प्रत्येक डब्याला नंबर, मग एक्सेलमधे डब्यावर काय लिहिलंय ते एका रकान्यात अन् आत खरं काय दिसून राहिलं ते दुसऱ्या. आमच्या एका डब्यावर 'आत्याचं लग्न' होतं, आत निघाली पिवळी मारबत (पोळ्याच्या दुसऱ्या दिवशीची पुतळ्याची मिरवणूक). तिथल्या पोरीनं डब्यावरचं खोडलं नाही, दोन्ही ठेवलं, वर्षापुढे 'अंदाजे' लिहिलं अन् कारणपण दिलं की रीळ सुपर एटचं (घरगुती कॅमेऱ्याची फिल्म, आलीच १९६५ ला) आहे म्हणजे त्याच्या आधीचं नाही. ५० फुटी रिळात जेमतेम सव्वातीन मिनिटं बसतात, त्यामुळे पेटीभर रिळांत कोण कुठे आहे ते यादीशिवाय सापडतच नाही. चेहरे ओळखायला मात्र घरचं म्हातारं माणूस सोबत न्या, नावांचा रकाना ते तुमच्याकडूनच भरून घेतात.

काही रिळांना व्हिनेगरसारखा वास येत होता. फिल्मचं ॲसिटेट (ज्याची पट्टी बनते ते प्लास्टिक) सडायला लागलं की येतो म्हणे, गरमीनं अजून लवकर, अन् आपल्याकडे मे महिन्यात माळ्यावर काय भट्टी होते ते सांगायला नको. ती रिळं लगेच बाजूला काढली कारण ती वाफ शेजारच्या चांगल्या रिळालापण बिघडवते, शीटमधे वासाचा वेगळा रकाना आहे! पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ पासून फिल्मा सांभाळून राहिलं, पण आपल्या आत्याचं लग्न तिथं कोण ठेवणार बाप्पा.

आता तक्रार. एवढी सुंदर यादी केली अन् पेनड्राइव्हवर फाइलींची नावं 'क्लिप फायनल दोन', 'न्यू फायनल' अशी. शीटमधला रीळ नंबर कुठेच नाही, मग यादीचा उपयोग काय? सांगितल्यावर बदलून दिली पण तोंड वाकडं करून, वर दिवाळीआधी देतो म्हणाले अन् दिलं दिवाळीनंतर. रेटपण कमी नाहीत. चार स्टार. पूर्ण पैसे द्यायच्या आधी पेनड्राइव्ह तिथंच लावून फाइलींची नावं शीटशी जुळवून घ्या.