कलम 164 की कलम 166?

अपघातात घरचा माणूस गेला की मोटार वाहन कायद्याखाली भरपाईचे दोन मार्ग उरतात. कलम 164 मध्ये चूक कोणाची हे सिद्ध करावं लागत नाही. मृत्यूसाठी ठरलेले 5 लाख रुपये मिळतात. बस, तेवढंच.

कलम 166 मध्ये समोरच्या चालकाचा निष्काळजीपणा दाखवावा लागतो, पण रकमेला वरची मर्यादा नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या 2009 आणि 2017 च्या निकालांनी हिशेब घालून दिला आहे. समजा, 30 वर्षांचा, स्वतःचा धंदा असलेला, महिना 20,000 कमावणारा माणूस. मागे आई, पत्नी, मूल. भावी वाढीचे 40 टक्के धरून 28,000. त्याच्या स्वतःच्या खर्चाचा एक तृतीयांश वजा, वर्षाचे 2,24,000, गुणिले 17 (वयानुसार ठरलेला गुणक): म्हणजे 38,08,000 रुपये. अंत्यविधी वगैरेंची रक्कम वेगळी.

म्हणून कमावता माणूस गेला असेल आणि एफआयआर, पंचनामा भक्कम असेल, तर माझं ठाम मत 166 कडे. विमा कंपनीकडून 164 ची रक्कम स्वीकारली, तर न्यायाधिकरणातला (अपघात-भरपाईच्या खास न्यायालयातला) 166 चा दावा संपतो. दुःखात घाईने सही करू नका! मात्र कायद्यात अर्जाला 6 महिन्यांची मुदत लिहिली आहे, तेव्हा वकील लगेच गाठा. चूक आपल्याच माणसाची दिसत असेल, तर 164 चा आधार मोठा.