बार्शी लाईट : बंद पडलेल्या गाडीला चार स्टार

हॉटेलांचे, मिक्सरचे, मोबाईलचे रिव्ह्यू टाकून झाले, आता आमची ही जुनी छोटी रेल्वे, बार्शी लाईट, राहिली होती. बायको म्हणाली, बंद पडलेल्या गाडीचा रिव्ह्यू वाचून कोण तिकीट काढणारे? बरोबर आहे तिचं. पण ज्या गाडीची आयुष्यभर सगळ्यांनी टिंगल केली तिच्याबद्दल कुणीतरी दोन शब्द नीट लिहायला पाहिजेत, म्हणून लिहितोय.

आधी नावाचा घोळ मिटवू. लहानपणी मला वाटायचं बार्शी लाईट म्हणजे गाडीला पुढं दिवा असतो म्हणून लाईट. मग वाटलं बार्शीत लाईट आली त्याच्याशी काहीतरी संबंध असेल. नंतर कळलं की लाईट म्हणजे हलकी, हलक्या वजनाची रेल्वे. आणि गंमत म्हणजे सगळी हुशारी त्या एका शब्दातच आहे.

मुंबई-सोलापूर मेन लाईन बार्शीला न येता साधारण 21 मैल लांबून गेली. स्टेशनचं नाव बार्शी रोड, म्हणजे आत्ताचं कुर्डुवाडी. नावात बार्शी, पण बार्शी कुठं तर बैलगाडीच्या पल्ल्यावर. कापूस, गळिताचं धान्य सगळं गाड्या जुंपून तिथपर्यंत न्यायचं. जीआयपी, म्हणजे ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेत नोकरी केलेला एव्हरार्ड कॅलथ्रॉप नावाचा इंग्रज इंजिनियर होता, त्याच्या डोक्यात हे बसलं. 1895 साली लंडनला कंपनी काढली आणि 1897 ला बार्शी ते कुर्डुवाडी गाडी सुरू पण झाली. रुळांमधलं अंतर, म्हणजे गेज, अडीच फूट, म्हणजे 762 मिलिमीटर, याला नॅरोगेज म्हणतात. ब्रॉडगेजचं 1676 असतं, त्याच्या निम्म्याहून कमी.

आता इथं जरा थांबतो कारण मला हाच भाग सगळ्यात भारी वाटतो. तोपर्यंत नॅरोगेज म्हणजे लोक खेळण्यातली गाडी समजायचे. कॅलथ्रॉपनं काय केलं, की इंजिन असो नाहीतर मालडबा, एका आसावर, म्हणजे चाकांची जोडी ज्या दांड्यावर असते त्यावर, पाच टनाच्या वर वजन येऊ द्यायचं नाही हा नियमच करून टाकला. वजन जास्त असेल तर चाकं वाढवा, पण एका आसावर पाचच टन. त्यामुळं इंजिनाला चालक चाकांच्या चार जोड्या, मागं अजून दोन आस, आणि खाली रूळ किती किलोचा, तर यार्डाला 30 पौंड, म्हणजे मीटरला 15 किलो. आत्ता मेन लाईनला मीटरला 60 किलोचा रूळ टाकतात, यावरून अंदाज करा. हलका रूळ म्हणजे स्वस्त रूळ, आणि स्वस्त होता म्हणून तर आमच्यासारख्या दुष्काळी भागात रेल्वे आली, नाहीतर कोण विचारतंय. इंजिनं लीड्सच्या किटसन कंपनीची. आणि जहाजात चढवायच्या आधी तिकडंच लीड्सजवळ न्यूले इथं रूळ टाकून लोकांना बोलवून ट्रायल दाखवली. म्हणजे आपली गाडी बार्शी बघायच्या आधी इंग्लंडात मिरवून आली.

(याच माणसानं पुढं विमानातल्या लोकांसाठी पॅराशूट बनवलं, नाव गार्डियन एंजल. विमान अपघातात मित्र गेला ते बघून. रेल्वेचा माणूस पॅराशूट कशाला करेल असं वाटतं, पण तिथंही विषय वजनाचाच.)

लाईन नंतर वाढत गेली. 1906 ला पंढरपूर, 1911 ला लातूर, 1927 ला मिरज. सगळी मिळून सव्वातीनशे किलोमीटर. 1954 ला सरकारनं घेतली आणि मध्य रेल्वेत गेली, तरी लोकांच्या तोंडात नाव बार्शी लाईटच राहिलं.

आता प्रवासाचा अनुभव. मी आज्जीबरोबर आषाढीला बार्शीहून पंढरपूरला जायचो, 86-87 चा काळ, वाफेचं इंजिन होतं. लाकडी बाक, समोरासमोर बसलं की गुडघ्याला गुडघा लागायचा, बाकाखाली गाठोडी, मधल्या जागेत कुणाचे तरी टाळ, आणि डब्यात भजन सुरू झालं की रुळाचा खडखडाट आणि टाळ एका ठेक्यात यायचे. हे मी कवितेसारखं लिहीत नाहीये, खरंच यायचे. आज्जी शिदोरी सोडायची, ज्वारीची कडक भाकरी, शेंगाची चटणी, कांदा, आणि समोरच्या अनोळखी बाईला आधी द्यायची. एकदा आज्जी नको म्हणत असताना मी खिडकीतनं डोकं बाहेर काढलं आणि कोळशाचा कण डोळ्यात गेला. चूक माझीच. आज्जी म्हणाली, "चोळू नगंस, डोळं मीट आन् इट्टल इट्टल म्हन." पदराचं टोक पिळून तिनं तो कण काढला, मोडनिंब येईपर्यंत.

स्पीडबद्दल लिहिलंच पाहिजे. उतरा, शेतात जाऊन या, परत पळत येऊन चढा, हा जोक आमच्याकडं प्रत्येक घरात आहे आणि प्रत्येकाचे आजोबा ते स्वतः करून आलेत. हळू होती, मान्य. पण हलका रूळ, अरुंद गेज आणि लातूरच्या बाजूला येडशीकडं बालाघाटाचा चढ, तिथं रामलिंगच्या झाडीतनं वळणं घेत जायचं, मग पळणार कशी? बांधली होती शेतमाल आणि वारकरी न्यायला, शर्यतीला नाही. एसटीशी तुलना करणाऱ्यांनी 1897 साली कुठली एसटी होती ते आधी सांगावं.

खरा तोटा वेगळाच होता आणि त्यावर कुणी जोक करत नाही. गेज वेगळं म्हणजे कुर्डुवाडीला गाडी संपली. माणसं उतरून पलीकडं जातील हो, पण माल? प्रत्येक पोतं छोट्या डब्यातनं उतरवायचं, पाठीवर घ्यायचं, मोठ्या डब्यात टाकायचं. हमालीही जायची आणि दिवसही. ट्रक आले तसा माल रेल्वेकडनं गेला तो याच्यामुळं, स्पीड नंतरची गोष्ट. त्यामुळं ब्रॉडगेज केली ते चुकलं असं म्हणणाऱ्यांपैकी मी नाही. पंढरपूरचा तुकडा आधी झाला, मग लातूरकडचा, आणि 2008 च्या शेवटी मिरज-पंढरपूर पण बंद झाली, संपली नॅरोगेज. लातूरची गाडी आता उस्मानाबाद, म्हणजे धाराशिव शहरावरनं जाते, जुन्या लाईनच्या काळात तिथल्या लोकांना येडशी गाठावी लागायची.

आणि 2016 चा एप्रिल आठवा. लातूरला प्यायला पाणी नव्हतं तेव्हा मिरजेहून पाण्याची गाडी गेली, पहिल्या खेपेला 10 टँकर, 5 लाख लिटर, नंतर 50 टँकरच्या. गेली कुठनं? मिरज, पंढरपूर, कुर्डुवाडी, बार्शी, लातूर. टीव्हीवाले दिवसभर दाखवत होते, पण हा रस्ता मुळात कुणी आखला ते एकानं सांगितलं नाही. नॅरोगेजवर ते टँकर गेले नसते हे खरं, पण बार्शी लाईट नसती तर इथं ब्रॉडगेज तरी कधी आली असती देव जाणे.

तर रेटिंग. सीट तीन, स्पीड दोन, खिडकी पाच, शेजारी पाच, डिझाईन पाचला सहा. एकूण चार स्टार. पाचवा कापलाय तो कुर्डुवाडीच्या पोत्यांसाठी.

कुणाच्या घरी जुनं पुठ्ठ्याचं तिकीट पडलं असेल तर फोटो टाका, बार्शी-पंढरपूरचं असेल तर लईच भारी. आमचं आज्जीच्या पिशवीत होतं, पिशवीच सापडत नाहीये.